वाचकांचे प्रश्न : बर्फातला रॅटलस्नेक आणि उसातली घोणस

माळावरच्या आणि शिवारातल्या सापांविषयी आलेल्या पत्रांतले काही प्रश्न या वेळी निवडले आहेत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : मुलगा कॅनडात, आल्बर्टा प्रांतातल्या मेडिसिन हॅट इथं नोकरीला आहे. नदीकाठच्या पायवाटेवर रॅटलस्नेकपासून सावध राहा अशी पाटी बघून त्यानं फोटो पाठवला. हिवाळ्यात तिथं उणे तीस अंश तापमान असतं म्हणे. एवढ्या बर्फात साप जगतो कसा? (एक वाचक, टिळकवाडी, बेळगाव)

तो प्रेअरी रॅटलस्नेक, म्हणजे आपल्याकडे पुस्तकांत ज्याला खुळखुळ्या साप म्हणतात त्यातली एक जात. मेक्सिकोच्या उत्तर टोकापासून अमेरिकेच्या प्रेअरीवरून, म्हणजे गवताळ मैदानांवरून हा साप वर आल्बर्टाचा आग्नेय भाग आणि सास्काचेवान प्रांताचा नैर्ऋत्य कोपरा इथपर्यंत पसरला आहे. तुमचा मुलगा राहतो तो भाग या सापाच्या मुलखाच्या उत्तर टोकाजवळ आहे.

सापाला अंगात ऊब तयार करता येत नाही. त्यामुळे थंडी काढायची तर जमीन जिथवर गोठते त्याच्याही खाली जावे लागते. अशी खोल भेग किंवा बीळ सगळीकडे नसते. नदीच्या दरीत खचलेल्या दरडीच्या फटी, दक्षिणेकडून ऊन लागणारे उतार, जमिनीत राहणाऱ्या खारींची किंवा त्यांच्याच कुळातल्या प्रेअरी डॉग या प्राण्याची जुनी बिळे अशा मोजक्या जागा असतात. म्हणून एकेका बिळात अनेक साप एकत्र हिवाळा काढतात. त्यात बुलस्नेक आणि गार्टर स्नेक असे बिनविषारी सापही असतात. सप्टेंबर संपता संपता ते आत जातात आणि एप्रिलअखेरीस किंवा मे महिन्यात बाहेर येतात. वर्षातले साधारण सात महिने जमिनीखाली जातात. उरलेल्या पाच महिन्यांत खाणे, मीलन, पिल्ले सगळे उरकायचे असते.

उन्हाळ्यात हे साप उंदरांच्या मागावर काही किलोमीटर लांब जातात. काही तर दहा किलोमीटरच्याही पुढे जातात. थंडीची चाहूल लागली की मात्र पुन्हा त्याच बिळात परततात. त्या वर्षी जन्मलेली पिल्ले मोठ्या सापांच्या वासाचा माग काढत पहिल्यांदा तिथे पोहोचतात आणि पुढे जन्मभर तीच जागा धरून राहतात.

या सापाचे संरक्षण अवघड आहे ते यामुळेच. उत्तरेकडच्या मादीला वयात यायला पाच ते सात वर्षे लागतात. त्यानंतरही ती दोन-तीन वर्षांतून एकदाच विते. ती अंडी घालत नाही, एका वेताला साधारण चार ते बारा पिल्ले देते. गाभण मादी दूर जात नाही. बिळाजवळच्या खडकांत ऊन खात बसते आणि त्या हंगामात फारसे खातही नाही. रस्त्यासाठी एक उतार खणला आणि त्यात असे बीळ गेले, तर आसपासच्या कित्येक किलोमीटरमधले साप एका दिवसात संपतात. ती तूट भरून निघायला दशके लागतात. आल्बर्टात या बिळांना वर्षभर कायद्याचे संरक्षण आहे. कॅनडाच्या संकटग्रस्त जिवांच्या समितीने २०१५ मध्ये ही जात विशेष चिंतेच्या यादीत घातली. नांगराखाली गेलेली मैदाने आणि रस्ते ही त्यामागची मोठी कारणे. संध्याकाळी डांबर तापलेले असते. ऊब घ्यायला साप त्यावर येतो आणि चिरडला जातो.

मुलाला एवढेच सांगा. पायवाट सोडू नये, खडकाच्या फटीत हात घालू नये, कुत्रा असेल तर दोरी हातात ठेवावी. खुळखुळा ऐकू आला की जागच्या जागी थांबावे, आवाज कुठून येतो ते डोळ्यांनी शोधावे आणि मगच मागे सरावे. घाईत मागे उडी मारणारा कधी कधी दुसऱ्याच सापावर पाय देतो.

प्रश्न : शेपटीच्या खुळखुळ्यात जितक्या कड्या तितकी वर्षे सापाचे वय, हे खरे का? आणि आपल्याकडे असा वाजणारा साप आहे का? (इयत्ता नववीची विद्यार्थिनी, खानापूर)

वय त्यावरून कळत नाही. साप कात टाकतो तेव्हा एक कडी वाढते, आणि वाढत्या वयाचा साप वर्षात एकाहून जास्त वेळा कात टाकू शकतो. शिवाय टोकाच्या जुन्या कड्या झिजून तुटतात. कडी आपल्या नखांच्या द्रव्याचीच, केराटिनची असते. आत काही नसते. कड्या एकमेकींवर आपटतात आणि आवाज होतो. नुकत्या जन्मलेल्या पिल्लाला एकच बोंड असते, म्हणून ते वाजत नाही. विष मात्र असते.

आपल्याकडे खुळखुळा नाही, पण फुरसे आहे. ते अंगाची वेटोळी एकमेकांवर घासते. कुशीवरचे खवले करवतीच्या दात्यांसारखे असल्याने सँडपेपर घासल्यासारखा खर्र खर्र आवाज होतो. कन्नडमध्ये त्याला गरगस मंडल म्हणतात. गरगस म्हणजे करवत. नावात सगळे आले. घोणस फुत्कारते तेव्हा कुकरची वाफ सुटल्यासारखे वाटते. तिघांच्याही आवाजाचा अर्थ एकच, पाय देऊ नका.

तू खानापूरची आहेस म्हणून आणखी एक. रॅटलस्नेकचे खरे भाऊबंद तुझ्याच तालुक्यात आहेत. कणकुंबी, जांबोटी, भीमगडच्या रानात झाडांवर दिसणारा हिरवा चापडा आणि मलबारी चापडा हे दोघेही त्याच कुळातले. डोळा आणि नाकपुडी यांच्या मध्ये त्यांना एक खळगा असतो. त्याने उंदराच्या अंगाची ऊब अंधारातही जाणवते. घोणस आणि फुरसे यांना तो खळगा नाही.

प्रश्न : आमच्या भागात ऊस तोडताना दरवर्षी घोणशी निघतात. गावातली मुले त्या पकडून गाडीने जांबोटीच्या जंगलात सोडून येतात. मारण्यापेक्षा हे बरे ना? (शेतकरी, चिकोडी तालुका)

मुलांचा हेतू चांगला आहे, पण तो साप बहुधा वाचत नाही.

घोणस उघड्या माळाची, बांधाची, उसाची रहिवासी आहे. उंदीर कुठे असतात, दुपारी सावली कुठे मिळते, कुठले बीळ रिकामे आहे, हे तिला तिच्या शिवारातले माहीत असते. ऐंशी-शंभर किलोमीटरवरच्या घाटातल्या दाट, ओल्या रानात यातले काहीच कामाला येत नाही. तिथे ती लपायला जागा शोधत भटकते, दिवसाउजेडी उघड्यावर येते आणि घारी-गरुडांच्या, मुंगसाच्या, रस्त्यावरच्या चाकाच्या तावडीत सापडते. जांबोटीच्या लोकांच्या परसात एक बावरलेली घोणस येते, हा दुसरा तोटा. तिसरा कोणाच्या लक्षात येत नाही. तुमच्या उसातली तिची जागा रिकामी राहत नाही. उंदीर आहेत तोवर दुसरी येते.

हे मोजून पाहिलेले आहे. अमेरिकेत पेनसिल्व्हेनियामध्ये टिंबर रॅटलस्नेकच्या पोटात छोटे ट्रान्समीटर बसवून अभ्यास झाला, तो १९९९ मध्ये प्रसिद्ध झाला. दूरवर नेऊन सोडलेल्या सापांपैकी निम्म्याहून जास्त मेले. जागच्या सापांत हे प्रमाण नवात एक इतके होते. आपल्या कर्नाटकात अगुंबे इथे नागराजाच्या अंगात असाच ट्रान्समीटर बसवला होता. बाहेरून आणून सोडलेला नर एकाच दिशेने चालत राहिला आणि स्थानिक नरापेक्षा कितीतरी मोठा मुलूख फिरला. त्याला थांबायला ओळखीची जागाच नव्हती. आल्बर्टात लेथब्रिज शहरात अंगणात आलेला रॅटलस्नेक प्रशिक्षित माणसे उचलतात आणि जवळच्या नदीच्या दरीत सोडतात. बाहेरगावी नेत नाहीत.

तेव्हा उसात दिसलेली घोणस पकडूच नका. त्या टोकाची तोड अर्धा-पाऊण तास थांबवून दुसरीकडे सुरू करा. घरात, गोठ्यात किंवा शाळेत आलेला साप उचलावाच लागतो. तो त्याच दिवशी, ऊन उतरल्यावर, शक्यतो ५०० मीटर ते १ किलोमीटरच्या आत, बांधाच्या किंवा झुडपाच्या आडोशाला सोडावा. रात्रभर बरणीत ठेवणे, व्हिडिओसाठी शेपटी धरून लोंबकळवणे, चिमट्याने आवळणे यात सापाच्या फासळ्या आणि मणके दुखावतात. वरून धडधाकट दिसणारा साप चार दिवसांनी मरतो, आणि तो कोणाला दिसत नाही म्हणून सगळे समजतात की वाचला.

आता तोडणीचे. ऊस एका बाजूने तोडत न्या आणि शेवटचा पट्टा ओढ्याच्या किंवा बांधाच्या बाजूला येईल असे बघा. चारी बाजूंनी आत तोडत आले की सगळी जनावरे मधल्या तुकड्यात कोंडतात आणि नेमका तिथेच कोणाला तरी दंश होतो. घोणस पळत नाही, दबा धरून बसते. तिचा रंग पाचटात मिसळतो. म्हणून पाचट हाताने न उचलता आधी कोयत्याच्या टोकाने किंवा काठीने उलटावे. बहुतेक दंश गुडघ्याच्या खाली होतात. गुडघ्यापर्यंतचे गमबूट तोडणी टोळीला देणे हा मालकाचा सर्वांत स्वस्त उपाय आहे. टोळीतल्या बायका मोळी बांधायला खाली वाकतात, त्यांना हातमोजेही द्यावेत.

फड पेटवू नका. चहूबाजूंनी आग लावली की साप, मुंगूस, ससा, लावे सगळे आत भाजून मरतात आणि उंदीर बिळात तरतात. जळिताच्या उसाला कपात लागते आणि वजन घटते ते वेगळेच. रात्रीच्या थ्री-फेज विजेवर पाणी पाजायला जाणाऱ्यांनी मोबाइलच्या उजेडावर विसंबू नये. डोक्याला बांधायची बॅटरी घ्यावी, म्हणजे हात मोकळे राहतात आणि उजेड नजरेबरोबर फिरतो. मोटारीच्या पेटीत हात घालण्याआधी आत उजेड टाकून बघावे. ऊब असते तिथे साप असतो.

प्रश्न : जांभ्या दगडाचे जुने घर, मागे शेणींची रास आणि लाकडे. दर पावसाळ्यात साप निघतो. फिनेल, गंधक, बाजारातले सर्परोधक यातले काय वापरावे? (गृहिणी, नंदगड)

यातले काहीच नको. फिनेल आणि गंधक यांच्या वासाने साप अडत नाही. कार्बोलिक अ‍ॅसिड तर अजिबात वापरू नका. त्याने अंगणात खेळणाऱ्या मुलांची आणि गुरांची कातडी भाजते. साप येतो उंदीर, बेडूक आणि आडोसा यांच्यासाठी. त्या तीन गोष्टी कमी करणे एवढाच उपाय आहे, आणि तो दिवाळीच्या साफसफाईसारखा दरवर्षी करावा लागतो.

लाकडे आणि शेणी भिंतीला टेकवून रचू नका. भिंतीपासून किमान एक मीटर अंतर ठेवा आणि खाली चिरे मांडून त्यावर फळ्या टाकून जमिनीपासून एक फूट उंच रचा. खालून झाडू फिरला पाहिजे, उजेड आरपार दिसला पाहिजे. रास वापरताना वरून खाली काढत या, मधून ओढू नका. जांभ्याच्या सांध्यातला चुना गळून फटी पडतात. त्या पावसाआधी, मे महिन्यात सिमेंट-वाळूने भरा. आधी दोन-तीन रात्री बॅटरीने बघा की आतून कोणी ये-जा करते का, नाहीतर साप आत चिणला जाईल. दरवाजाखालची फट अर्धा सेंटिमीटरच्या आत आणा. त्यासाठी सायकलची जुनी ट्यूब कापून खिळली तरी चालते. मोरीच्या तोंडाला सहा मिलिमीटरची पक्की जाळी लावा. मण्यारीचे पिल्लू पेन्सिलीएवढे असते, मोठ्या छिद्रांची जाळी तिच्यासाठी नसल्यासारखीच. कोंबड्यांचे खाद्य रात्री अंगणात पडू देऊ नका, त्यावर उंदीर येतो.

भाजीच्या वाफ्याला किंवा खुराड्याला नायलॉनची सैल जाळी बांधत असाल तर ती काढा. साप डोके घालतो, खवले उलटे अडकतात, मागे येता येत नाही आणि उन्हात तडफडून मरतो. अडकलेली धामण सोडवायला गेलेल्या माणसाला त्याच जाळीतल्या नागाचा दंश होऊ शकतो. खालचे दोन फूट ताठ तारेची बारीक जाळी लावा, नायलॉन हवेच असेल तर त्याच्या वर.

मण्यारीसाठी एक गोष्ट न चुकता करा. जमिनीवर झोपू नका. झोपावेच लागले तर मच्छरदाणी अंथरुणाखाली चारी बाजूंनी खोचून घ्या. मण्यार रात्री घरात शिरते आणि तिचा दंश बऱ्याचदा कळतही नाही. मुंगी चावल्यासारखे वाटते आणि माणूस पुन्हा झोपी जातो. पहाटे पोटात कळ येणे, पापण्या जड होणे, घास गिळता न येणे, यातले काहीही दिसले तर अपचनाचे औषध देत बसू नका.

घरात साप दिसलाच तर मुले आणि कुत्रा बाहेर काढा. एका माणसाने दहा फुटांवरून नजर ठेवायची, बाकीच्यांनी आतल्या खोल्यांच्या दाराखाली गोणपाट सारायचे. बाहेरचे दार उघडे ठेवून शांत राहिले तर पुष्कळदा तो आपणच जातो. नजर हटली आणि साप दिसेनासा झाला की मग रात्रभर सगळे घर जागे. वन खात्याची मदत हवी असेल तर १९२६ हा क्रमांक कर्नाटक आणि महाराष्ट्र दोन्हीकडे आहे.

प्रश्न : आमचे गाव चंदगड आणि खानापूर यांच्या हद्दीवर. दंश झाला तर नेमके काय करायचे, आणि कुठल्या बाजूला न्यायचे? (ग्रामपंचायत सदस्य)

राज्य बघू नका, लस आणि श्वास देण्याचे यंत्र जिथे आहे ते जवळचे रुग्णालय बघा. हे दंश झाल्यावर शोधायचे काम नव्हे. पंचायतीने मे महिन्यातच दोन्ही बाजूंच्या प्राथमिक आरोग्य केंद्रांना, तालुका रुग्णालयांना विचारून ठेवावे: सर्पदंशाची लस किती कुप्या आहे, रात्री डॉक्टर असतात का, व्हेंटिलेटर कुठे आहे. उत्तरे पंचायतीच्या फळ्यावर लिहावीत. १०८ दोन्ही राज्यांत चालतो, पण हद्दीवर मोबाइल पलीकडच्या टॉवरला लागून फोन पलीकडच्या राज्यात जाऊ शकतो. म्हणून फोनवर गाव, तालुका, जिल्हा आणि राज्य चारही सांगा.

दंश झालेल्याला चालवू नका. अंगठी, बांगड्या, जोडवी, पैंजण, घड्याळ लगेच उतरवा, सूज आल्यावर ते कापावे लागते. मोडलेल्या हाडाला बांधतो तशी फळी किंवा घडी केलेले वर्तमानपत्र लावून तो हात-पाय स्थिर करा. उलटी होत असेल तर डाव्या कुशीवर झोपवा. दंशाची वेळ लिहून ठेवा. दोरी आवळू नका. फुरसे-घोणशीच्या विषाने तिथले मांस सडायला लागते, दोरीने ते सगळे एकाच जागी कोंडते आणि रक्तपुरवठा तुटून पाय जातो. चिरा देऊ नका, कारण या विषाने रक्त गोठण्याची शक्तीच जाते. ती चीर थांबत नाही. साप मारून सोबत नेऊ नका. सुरक्षित अंतरावरून फोटो मिळाला तर ठीक, नाहीतर सोडून द्या.

डॉक्टर दोन मिलिलिटर रक्त कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत वीस मिनिटे न हलवता ठेवतात. तेवढ्या वेळात ते गोठले नाही तर विष रक्तात भिनले आहे. नळी प्लॅस्टिकची किंवा धुतलेली असली तर निकाल चुकतो. लसीची सुरुवात साधारण ८ ते १० कुप्यांनी होते. लहान मुलालाही तेवढ्याच, कारण सापाने विष मोठ्यांइतकेच सोडलेले असते. लसीची अ‍ॅलर्जी येऊ शकते, म्हणून अ‍ॅड्रिनलिन हाताशी असणारे ठिकाणच हवे. दंशानंतर लघवी कमी झाली किंवा लाल आली तर ते लगेच सांगा. घोणशीच्या विषाने मूत्रपिंड बंद पडते.

घाटातल्या लोकांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. भारतात मिळणारी लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषावर बनते. चापड्याच्या दंशावर ती लागू पडत नाही. त्यात वर वळलेल्या नाकाचा, पालापाचोळ्यात बसणारा छोटा तपकिरी चापडाही आला. त्याच्या दंशाने कधी कधी मूत्रपिंडाला इजा होते, तेव्हा रुग्णालयातली देखरेख चुकवू नये. साप ओळखीचा असेल तर कन्नड बोलणाऱ्या डॉक्टरांना त्यांच्या भाषेतल्या नावाने सांगा: नाग म्हणजे नागर हावु, घोणस म्हणजे कोळकु मंडल. घोणशीला आणि अजगराला घाईत एकच समजण्याची चूक दोन्ही भाषांत होते.

कर्नाटकाने फेब्रुवारी २०२४ मध्ये सर्पदंश हा नोंद बंधनकारक असलेला आजार ठरवला. खासगी दवाखान्यालाही प्रत्येक दंश आणि मृत्यू कळवावा लागतो. नोंद झाली तरच लसीच्या कुप्या तुमच्या तालुक्याला पुरेशा येतील, म्हणून दंशाची नोंद झाली का ते विचारा.

प्रश्न : गावच्या गायरानावर खड्डे काढून झाडे लावायची योजना आली आहे. ओसाड माळ हिरवा होईल. पण काही जण म्हणतात माळ तसाच ठेवा. का? (शिक्षक, अथणी तालुका)

कारण तो ओसाड नाही. गवताळ माळ हे पूर्ण वाढलेले रान आहे, फक्त त्याची उंची गुडघ्याइतकी आहे. जेसीबीने मुरूम उकरला की वर्षानुवर्षांची बिळे, वारुळे आणि दगडांच्या फटी एका दिवसात जातात. फुरसे, मांडूळ, डुरक्या घोणस, घोरपड, माळटिटवी, ससा यांची घरे तिथेच असतात. वर आल्बर्टाच्या बिळांविषयी लिहिले, तोच हिशेब इथे लागू होतो. आपल्याकडे बर्फ नाही, तरी एप्रिलच्या भर दुपारचे ऊन उघड्यावरच्या सापाला मारायला पुरते. खोल, थंड बीळ इथेही जगण्याची अट आहे. सास्काचेवानमध्ये अमेरिकेच्या सीमेला लागून ग्रासलँड्स राष्ट्रीय उद्यान आहे. तिथे झाडे लावत नाहीत, गवतच राखतात. चराईसुद्धा ठरवून ठेवली आहे, कारण चरणारे जनावर नसले तर प्रेअरीचे गवत बिघडते.

झाडे लावायचीच असतील तर शाळेभोवती, रस्त्याकडेला, ओढ्याच्या काठाला लावा. गायरानावर दगडांचे जुने ढीग आणि वारुळे हलवू नका. गवत पेटवू नका. कापणी करायची तर सगळा माळ एकाच आठवड्यात साफ न करता तिसरा हिस्सा पुढच्या पावसापर्यंत राखा. जैवविविधता कायदा २००२ नुसार ग्रामपंचायतीला जैवविविधता समिती नेमून नोंदवही ठेवायची असते. तुमच्या मुलांकडून माळावरचे प्राणी, वारुळांच्या जागा, गवताच्या जाती त्यात नोंदवून घ्या. पुढच्या वेळी ठराव आला तर ग्रामसभेत दाखवायला कागद असतो. तोंडी बोलणे तिथे टिकत नाही.

प्रश्न : नागपंचमीला गारुडी नाग घेऊन येतो, त्याला दूध पाजावे का? आणि मांडुळाला लाखोंची किंमत येते हे खरे का? (दोन वाचक, निपाणी आणि गडहिंग्लज)

साप दूध पीत नाही. सणाआधी कित्येक दिवस पाणी न दिलेला, दात काढलेला नाग तहानेने तोंड लावतो, दूध फुफ्फुसात जाते आणि तो मरतो. वारुळाची पूजा करा, नाग नको. साप पकडणे, बाळगणे आणि खेळवणे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे. असले खेळ परदेशातही आहेत. टेक्सासमधल्या स्वीटवॉटर इथे १९५८ पासून दर मार्चला रॅटलस्नेक गोळा करून मारण्याची जत्रा भरते, आणि त्यासाठी बिळांत पेट्रोल ओतून साप बाहेर काढण्याची रीत होती. त्या बिळातली कासवे आणि इतर जिवंत प्राणीही त्यात जातात. मांडुळाची लाखोंची किंमत ही फसवणूक आहे. त्याला ना दोन तोंडे आहेत, ना त्यातून गुप्तधन सापडते. पैसे देणारा बुडतो, पकडणारा तुरुंगात जातो आणि शेतातले उंदीर वाढतात.

प्रश्न : माळ्यावर सापाची कात सापडली. कुठला साप ते ओळखता येईल का? (एक वाचक, येळ्ळूर)

बऱ्याचदा येते. कात पाण्याने हलकी ओलवा, पांढऱ्या कागदावर पसरा आणि उजेडासमोर धरा. पाठीवरच्या प्रत्येक खवल्याच्या मध्ये उभी धार असेल आणि डोक्यावरचे खवले तांदळाच्या कण्यांसारखे बारीक असतील तर घोणस किंवा फुरसे. घोणशीची कात लांब आणि रुंद, फुरशाची वीतभर-दीड वीत. खवले गुळगुळीत आणि पाठीच्या मधल्या ओळीतले खवले शेजारच्यांपेक्षा मोठे, षटकोनी असतील तर मण्यारीचा संशय घ्या. मग शेपटीच्या खालची बाजू बघा. मण्यारीला तिथे एकेकच आडवी पट्टी असते, तिच्यासारख्या दिसणाऱ्या बिनविषारी कवड्या सापाला जोडीजोडीने. डोक्यावर मोठ्या ढाली, गुळगुळीत खवले आणि कात चार-पाच फूट लांब असेल तर नाग किंवा धामण. पण धामणीच्या पाठीवर मागच्या भागात पुसट धार लागते, बोट फिरवून बघा.

कात ताजी असेल तर ओलसर आणि लवचीक असते, जुनी कुरकुरते. ताजी असेल तर माळ्यावर उंदरांची वाट शोधा आणि ती बुजवा. साप अंग घासायला खडबडीत जागा निवडतो आणि ती सोयीची वाटली तर पुन्हा येतो. तेव्हा नेमकी कुठल्या कौलाजवळ, कुठल्या तुळईशी कात अडकली होती ते खडूने खुणावून ठेवा, बुजवायची फट बहुधा तिच्या हातभर अंतरावरच असते.